बार्शी लाईट : अडीच फुटांची रेल्वे

(दृश्य : कुर्डुवाडी जंक्शन. मुंबईकडची गाडी फलाटाला लागते.)

कुर्डुवाडी. माढा तालुका, जिल्हा सोलापूर. जुन्या काळी या स्टेशनाचं नाव होतं 'बार्शी रोड'. नावात बार्शी होती, पण खुद्द बार्शी इथून 35 किलोमीटर लांब. जीआयपी, म्हणजे ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे, 1860 साली सोलापुरात पोचली ती बार्शीला वगळून. कापसाची एवढी मोठी पेठ, आणि माल मात्र बैलगाडीनं इथवर आणायचा.

(दृश्य : बांधावर कुंपणाला रोवलेला जुना रूळ, जवळून. शेजारी हात.)

हा बार्शी लाईटचा रूळ, म्हणजे बार्शीला मुख्य मार्गाशी जोडणाऱ्या छोट्या रेल्वेचा. हात ठेवलाय तो मापासाठी. रुळाची उंची जेमतेम चार बोटं. असा रूळ मीटरला साधारण 15 किलो भरतो. आज मुख्य मार्गावर मीटरला 60 किलोचा रूळ टाकतात. एवढ्याशा रुळावरून रोजची मालगाडी धावायची कशी?

ते गणित मांडलं एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंग्रज इंजिनिअरनं. 1882 साली तो जीआयपीच्या नोकरीत आला. रूळ किती जाड हवा हे तेव्हा इंजिनावर ठरायचं. इंजिनाच्या चाकांवर भार सगळ्यात जास्त, म्हणून रूळ त्याच्या मापाचा. मागच्या हलक्या वाघिणींसाठी, म्हणजे मालडब्यांसाठी, तो उगाच भारी पडायचा. कॅलथ्रॉप म्हणाला, भार सारखा वाटा. इंजिन असो, डबा असो की वाघीण, चाकांच्या कुठल्याही जोडीवर 5 टनांपेक्षा जास्त वजन येता कामा नये. मग रूळ हलका चालतो, खर्चही आटोक्यात येतो.

(दृश्य : इंजिनाचा जुना आराखडा. चाकांवरून बोट फिरतं.)

मोजा. चाकांच्या सहा जोड्या. त्यातल्या चार दांड्यांनी एकमेकींना बांधलेल्या, म्हणजे ओढायचं काम त्यांचं. मागच्या दोन नुसत्या भार पेलायला. इंग्लंडमधल्या लीड्सच्या किटसन कारखान्यात घडलेलं हे इंजिन. वाघिणीही लीड्सच्याच, दाबून घडवलेल्या पोलादी सांगाड्याच्या, 25 फूट लांब. बोटीत चढवण्याआधी तिथंच न्यूले गावी तात्पुरता रूळ टाकून चाचणी झाली. बार्शीच्या गाडीला 'खेळण्यातली गाडी' म्हणणाऱ्यांनी हा आराखडा एकदा नीट बघावा.

1895 साली लंडनमध्ये बार्शी लाईट रेल्वे कंपनी स्थापन झाली. मार्च 1897 मध्ये बार्शी रोड ते बार्शी गाडी सुरू झाली. दोन रुळांमधलं अंतर अडीच फूट. शेजारच्या ब्रॉडगेजचं साडेपाच. म्हणून बार्शीहून आलेला माल कुर्डुवाडीत उतरवायचा आणि मोठ्या वाघिणीत पुन्हा भरायचा. सगळं हमालांच्या पाठीवर.

(दृश्य : पंढरपूर. आषाढी. चंद्रभागेचं वाळवंट.)

1906 साली रूळ पंढरपूरला पोचले आणि कापसाची गाडी विठोबाची झाली. यात्रेला डबे पुरेनात, तेव्हा मालाच्या वाघिणीत वारकरी बसले.

(इथं निवेदन नको. टाळांचा मूळ आवाज राहू द्या.)

पूर्वेला निजामाच्या मुलखात 1911 साली लातूर. पश्चिमेला 1927 साली मिरज. मिरज ते लातूर, सव्वातीनशे किलोमीटर, सगळी अडीच फुटांची. त्याच 1927 साली कॅलथ्रॉप वारला. मधल्या काळात त्यानं विमानातून उडी मारायचं पॅराशूटही बनवलं होतं, पण तो विषय वेगळा.

(दृश्य : धावत्या गाडीच्या खिडकीतून. ज्वारीची रानं, मध्येच नव्या स्टेशनाची पाटी.)

1954 साली सरकारनं कंपनी विकत घेतली. 2000 नंतरच्या दशकात मार्ग टप्प्याटप्प्यानं ब्रॉडगेज झाला. धाराशिव शहर पहिल्यांदा या रुळावर आलं, लातूरची गाडी थेट मुंबईला जाऊ लागली. कुर्डुवाडीत माल उतरवून चढवायचं काम संपलं.

(दृश्य : बातमीतलं चित्रण. पाण्याच्या टँकरांची रेल्वे.)

एप्रिल 2016. लातूरच्या नळांना पाणी नव्हतं. मिरजेहून पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी करत पहिली पाण्याची रेल्वे लातूरला गेली ती याच वाटेनं. दहा टँकर, पाच लाख लिटर. एका टँकरात नुसतं पाणीच 50 टन, आणि खाली चाकांच्या चार जोड्या. कॅलथ्रॉपच्या हिशेबात चार जोड्यांना 20 टन, तेही वाघिणीच्या वजनासकट.