वाऱ्याला नैवेद्य

[दृश्य : ग्रीसमधल्या मेथाना द्वीपकल्पाचा समुद्राकडचा उतार. द्राक्षवेलींची कोवळी पानं वाऱ्यानं उलटी होताहेत.]

हा नैर्ऋत्येचा वारा. ग्रीक लोक याला लिप्स म्हणत. वेलींना नवे फुटवे आले, आणि नेमका तेव्हाच हा सारोनिक आखातावरून सुटला, की फुटवे जागच्या जागी सुकून जात. वर्षाचं पीक दोन-चार दिवसांत हातचं जायचं.

इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात पॉसेनियस नावाचा प्रवासी या भागात आला. लिप्स सुटल्यावर इथले शेतकरी काय करतात, ते त्यानं लिहून ठेवलं.

[दृश्य : आकाशातून मळा. बांधावरची पायवाट.]

पांढऱ्याशुभ्र पंखांचा एक कोंबडा घ्यायचा. वारा वाहत असतानाच, तो थांबायच्या आत, दोन माणसांनी त्या कोंबड्याचे दोन भाग करायचे. एकेक भाग हातात धरून मळ्याभोवती पळत सुटायचं, एकानं डावीकडून, दुसऱ्यानं उजवीकडून. दोघं जिथून निघाले तिथेच परत समोरासमोर येत. मग त्याच जागी दोन्ही भाग पुरायचे. वेलींभोवती रिंगण पुरं झालं, आता लिप्सनं आत येऊ नये.

याला अंधश्रद्धा म्हणून हात झटकणं सोपं आहे. पण हा विधी कुणासाठी आहे ते बघा. एक ठरावीक वारा, एक ठरावीक दिशा, एक पीक, एक हंगाम. ज्यांनी पिढ्यान् पिढ्या वाऱ्याकडे डोळे लावून शेती केली, त्यांनाच असा विधी सुचतो. वाऱ्याचा धर्म निरीक्षणातून उगवला, हे आम्हाला या फिल्ममधून ठामपणे मांडायचं आहे.

[दृश्य : मातीची पाटी, अगदी जवळून. रेघा, खुणा.]

आता मागे जाऊ. क्रीट बेट, क्नोसोसचा राजवाडा, ख्रिस्तपूर्व चौदाव्या शतकाच्या आसपासचा काळ. राजवाड्याचा कारकून ओल्या मातीवर हिशेब कोरतो आहे. कुठल्या देवाला किती तेल पाठवलं, त्याचा हिशेब. वर महिन्याचं नाव. खाली एकेक ओळ : दिक्ते पर्वतावरचा झ्यूस, ग्रीकांचा मुख्य देव. सर्व देव. सूडाची देवता एरिनिस. आणि यादीच्या शेवटाकडे, तिच्या वाट्याच्या तेलाच्या मापासह, वाऱ्यांची पुजारीण.

तिचं नाव लिहिलेलं नाही. तिचं पद लिहिलं आहे, आणि तेवढंच पुरेसं आहे. वाऱ्यांसाठी नेमलेली एक स्त्री राजवाड्याच्या दप्तरात झ्यूसच्याच यादीत आहे. तेलाचा वाटा तिला ठरलेला आहे. वाऱ्याची पूजा ही कुठल्या कोपऱ्यातली भोळी समजूत असती, तर तिची नोंद राजाच्या कारकुनानं केली नसती.

ही पाटी उरली ती आगीमुळे. एरवी या पाट्या कच्च्याच ठेवत. राजवाडा जळाला आणि माती भाजून पक्की झाली. १९०० साली आर्थर इव्हान्स यांनी क्नोसोसचं उत्खनन सुरू केलं, पाट्या हाती आल्या, पण लिपी कुणाला वाचता येईना. १९५२ साली मायकेल व्हेंट्रिस यांनी ती उलगडली. ते पेशानं वास्तुविशारद होते. तोवर अर्धं शतक ही पुजारीण सगळ्यांच्या डोळ्यांसमोर होती आणि कुणालाच दिसत नव्हती.

[दृश्य : खवळलेला समुद्र, खडकाळ भूशिर.]

ख्रिस्तपूर्व ४८०. इराणी आरमार ग्रीसवर चालून आलं. ग्रीक इतिहासकार हेरोडोटस सांगतो, अथेन्सकरांना देववाणी झाली की तुमच्या जावयाला हाक मारा. त्यांचा जावई म्हणजे बोरेआस, उत्तरेचा वारा. अथेन्सच्या राजकन्येला, ओरेथियाला, त्यानं इलिसोस नदीच्या काठावरून उचलून नेलं होतं, अशी कथा. अथेन्सकरांनी दोघांच्या नावे बळी दिले. सेपियास भूशिरापाशी तीन दिवस वादळ झालं. आणि वादळात सापडलेल्या इराण्यांच्या मगी पुरोहितांनी काय केलं? त्यांनीही वाऱ्यालाच नैवेद्य दाखवला, मंत्र म्हटले. दोन्ही बाजू एकाच दैवताच्या दारात उभ्या होत्या. चौथ्या दिवशी वारा पडला. हेरोडोटस लगेच पुढे म्हणतो, किंवा तो आपला आपणच पडला असेल.

निदान चारशे जहाजं फुटली, असं तो लिहितो. माणसं तर मोजलीच नाहीत.

[दृश्य : अथेन्स. वाहनांची वर्दळ.]

अथेन्सकरांनी घरी परतून इलिसोसच्या काठी बोरेआसचं देवस्थान बांधलं. आज शहरात ती नदी बहुतेक ठिकाणी रस्त्यांखालून वाहते.

[दृश्य : वाऱ्यांचा मनोरा, पायापासून वर. मग एकेक बाजू.]

अॅक्रोपोलिस टेकडीच्या पायथ्याशी, रोमन बाजारपेठेच्या आवारात, हा अष्टकोनी मनोरा उभा आहे. पेंटेलिक संगमरवर, उंची सुमारे १२ मीटर. बांधणारा किर्‍होसचा अँड्रोनिकस. वरच्या पट्ट्यावर आठ बाजूंना आठ वारे उडताहेत, सगळे पंखवाले, आणि प्रत्येकाच्या डोक्यावर त्याचं नाव कोरलेलं.

उत्तरेला बोरेआस : दाढीवाला, जाड कपड्यांत, हातात शंख. मग कैकियास, याच्या ढालीतून गारा सांडताहेत. पूर्वेला आपेलिओतेस, फळं आणि धान्य घेऊन. आग्नेयेला एवरोस, अंगाभोवती झगा लपेटलेला. दक्षिणेला नोतोस घडा उपडा करतो आहे : पाऊस. मग आपला मेथानाचा लिप्स. इथे मात्र त्याच्या हातात जहाजाच्या मागच्या टोकाचा तुकडा आहे, कारण शेतकऱ्याचा लिप्स वेगळा आणि खलाशाचा वेगळा. पश्चिमेला अनवाणी झेफिरोस, त्याच्या पदरात फुलं. शेवटी वायव्येचा स्कीरोन, भांडं पालथं धरलेला.

[दृश्य : छताचं टोक. रेखाचित्र : वर फिरणारा ट्रायटन.]

छतावर ब्राँझचा ट्रायटन, म्हणजे समुद्रदेव, होता, तो आता नाही. रोमन वास्तुविशारद विट्रुव्हियसनं त्याचं काम नीट समजावून सांगितलं आहे. ट्रायटन वाऱ्याबरोबर फिरे, वाऱ्याकडे तोंड करून थांबे, आणि त्याच्या उजव्या हातातली छडी त्या वेळी वाहणाऱ्या वाऱ्याच्या मूर्तीवर येई. बाजारातल्या माणसानं मान वर केली की आज कोण आला आहे ते कळे. वातकुक्कुटाच्या सर्वांत जुन्या पूर्वजांपैकी हा एक. भिंतींवर सावलीची घड्याळं होती, आत पाण्याचं घड्याळ. ज्या हातांनी इतकी नेमकी उपकरणं घडवली, त्याच मनोऱ्यावर देवही कोरले गेले. त्या लोकांना यात काही विसंगत वाटलं नाही. आम्हालाही वाटत नाही.

इसवी सनाच्या चौथ्या शतकाच्या अखेरीस रोमन सम्राट थिओडोसियसच्या फर्मानांनी बळी आणि नैवेद्य बंद झाले.

[दृश्य : मनोऱ्याचा आतला भाग.]

मनोऱ्यात पुढे ख्रिस्ती उपासना झाली, ऑटोमन काळात दरवेशांचा मठ होता. तोवर मनोरा निम्मा मातीत गेला होता. एकोणिसाव्या शतकात तो खणून मोकळा केला, आणि २०१४ ते २०१६ मध्ये संवर्धन होऊन तो लोकांसाठी पुन्हा उघडला. बहुतेक जण तो जुनं घड्याळ म्हणून बघतात. तुम्ही गेलात तर आधी वरची नावं वाचा, उत्तरेपासून पूर्वेकडे. ग्रीक अक्षरं आहेत, थोडी झिजली आहेत, पण लागतात.