टाचणीचं टोक

(व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

नमस्कार. संयोजकांनी पत्रिकेत विषय छापलाय, ‘आंतरक्रियात्मक वेबनकाशांवरील मापनक्षम चिन्हांचे सानुकूलन’. एवढं वाचूनही तुम्ही आलात, याबद्दल आभार. साध्या भाषेत सांगायचं तर नकाशावरची ती निळी किंवा लाल टाचणी काढून आपली स्वतःची खूण कशी लावायची, आणि ती एसव्हीजीमध्ये, म्हणजे कितीही मोठं केलं तरी रेखीव राहणाऱ्या चित्रप्रकारात, का असावी, एवढंच आहे. एसव्हीजीकडे मी येणारच आहे. पण आधी टोकाबद्दल बोलतो, कारण टोकाबद्दल कोणी बोलत नाही.

गूगलचे नकाशे आले २००५ साली. त्यावरची उलट्या थेंबासारखी टाचणी येन्स आयल्स्ट्रप रास्मुसेन यांनी काढली. आज न्यूयॉर्कच्या आधुनिक कलेच्या संग्रहालयात ती संग्रही आहे. थेंबच का? कारण ठिकाणावर गोल ठिपका ठेवला, तर जे दाखवायचं तेच झाकलं जातं. टाचणीचं डोकं वर राहतं, जागा दाखवतं ते टोक, आणि जागा मोकळी दिसते. म्हणजे टाचणीचा एकच पिक्सेल खरं बोलतो. बाकीचा सगळा पोशाख.

आता माझी कर्मकहाणी. इथे बसलेल्यांपैकी दोघांनी ती आधी ऐकली आहे, त्यांनी चहा घेऊन यावं.

काही वर्षांपूर्वी मी विहिरींच्या एका सर्वेक्षणाचा नकाशा केला होता, लीफलेट वापरून. लीफलेट म्हणजे वेबपानावर नकाशा दाखवणारं तयार कोडचं गाठोडं. लीफलेटची मूळची निळी टाचणी मला पसंत नव्हती, म्हणून मी हौसेनं विहिरीचं चित्र असलेली टाचणी काढली. ३० पिक्सेल रुंद, ४० उंच. दिसायला झकास. नकाशा वरिष्ठांना दाखवला. त्यांनी चष्मा वर केला आणि विचारलं, “या विहिरी तळ्यात कशा?” पाहतो तर खरंच, सहा-सात विहिरी तळ्याच्या मधोमध. मी काय म्हणालो असेन? “जीपीएसचा दोष असणार.” जीपीएसचं एक बरं असतं, त्याला उलट उत्तर देता येत नाही.

मग दोन मुलांना पुन्हा शेताशेतांतून पाठवलं. बिचाऱ्यांनी चाळीस विहिरी नव्यानं मोजल्या. आकडे तेच आले. मी म्हणालो, यंत्र बदला. यंत्र बदललं, आकडे तेच. शेवटी त्यातला एक मुलगा माझ्या मागे उभा राहून पडद्याकडे बघत होता. तो म्हणाला, “सर, तुम्ही झूम केलं की विहिरी चालतात.”

चालत होत्या! लीफलेटला आयकनचा आकार सांगितला आणि अँकर, म्हणजे चित्राचा कोणता बिंदू ठिकाणावर टेकवायचा ते, सांगितलं नाही, तर ते चित्राचा मध्य त्या अक्षांश-रेखांशावर ठेवतं. गोल ठिपक्याला ते योग्यच. माझ्या टाचणीचं टोक मात्र मध्याच्या २० पिक्सेल खाली होतं. आता गंमत बघा. नकाशा लहानमोठा होतो, खूण होत नाही. पडद्यावर चूक कायम २० पिक्सेलच राहते, पण जमिनीवर? विषुववृत्ताजवळ धरा. झूमचा आकडा मोठा म्हणजे नजर जवळ. अठराव्या झूमला एक पिक्सेल म्हणजे साधारण ०.६ मीटर, चूक १२ मीटर. विहीर काठावरून बांधावर गेली, कोणाला कळतंय! चौदाव्या झूमला हीच चूक १९० मीटर. बाराव्याला पाऊण किलोमीटर. पाचव्याला जवळपास १०० किलोमीटर. दर पायरीला दुप्पट. मी विहिरी टाकताना जवळून बघत होतो, वरिष्ठ बघत होते लांबून. दोघांचंही बरोबर होतं.

आणि मला आधीच कळायला हवं होतं, कारण सगळ्या विहिरी एकाच दिशेला, दक्षिणेला सरकल्या होत्या. जीपीएसची चूक अशी शिस्तीत, रांगेत चालत नाही. त्या मुलांची मी माफी मागितली. एकानं माफ केलं. दुसरा अजून विहीर म्हटलं की हसतो.

जाता जाता, लीफलेटची निळी टाचणी २५ बाय ४१ पिक्सेलची आहे आणि तिचा अँकर १२, ४१ असा टोकावर नीट दिलेला आहे. म्हणजे तिला हात लावला नसता तर हे व्याख्यान झालंच नसतं. तिची सावली बघितलीत कधी? वर उजवीकडे पडते. सावली ईशान्येला म्हणजे सूर्य नैर्ऋत्येला. नकाशावर बारा महिने तिसरा प्रहर.

चिठ्ठी आली. सात मिनिटं. बरं, एसव्हीजी.

पीएनजी म्हणजे ठिपक्यांचं चित्र. दुप्पट घनतेच्या पडद्यावर ते पुसट दिसतं, म्हणून लीफलेटला त्याच टाचणीची ५० बाय ८२ ची वेगळी फाइल सोबत ठेवावी लागते. एसव्हीजीत आकार सूत्रानं लिहिलेला असतो, त्यामुळे एकच फाइल कुठल्याही पडद्यावर रेखीव. व्ह्यूबॉक्स, म्हणजे चित्राची स्वतःची मोजपट्टी, मात्र लिहायला विसरू नका, नाहीतर चौकट वाढते आणि चित्र कोपऱ्यात तेवढंच राहतं.

लावायचे दोन मार्ग. एक, साध्या आयकनला एसव्हीजीचा पत्ता द्यायचा. तिथे फाइलीत एक्सएमएलएनएस, म्हणजे ‘हे एसव्हीजी आहे’ असं सांगणारी नोंद, हवीच, आणि चित्र डेटा-यूआरएलमध्ये, म्हणजे थेट पत्त्याच्याच मजकुरात, कोंबलं असेल तर रंगाच्या आकड्याआधीचा हॅश ‘%२३’ असा लिहायचा, अर्थात इंग्रजी अंकांत. नाहीतर पत्ता तिथेच तुटतो. या मार्गानं बाहेरच्या सीएसएसमधून, म्हणजे पानाच्या सजावटीच्या नियमांतून, रंग बदलता येत नाही. दुसरा मार्ग डिव्हआयकनचा, म्हणजे चित्राच्या फाइलऐवजी डिव्ह, पानातला एक साधा चौकोनी डबा, खूण म्हणून वापरायचा. त्यात एसव्हीजी थेट पानात बसतं, रंगाच्या जागी करंटकलर लिहिलं की रंग सीएसएसमधून येतो, शंभर रंगांना एकच चित्र पुरतं. डिव्हआयकनचं क्लासनेम मुद्दाम रिकामं लिहा, नाहीतर चित्रामागे एक पांढरा चौकोन बसलेला दिसेल. तो कुठून आला यावर मी एक दुपार घालवली आहे, ती सांगत नाही, वेळ नाही.

आता टोक. अँकर पडद्याच्या पिक्सेलमध्ये मोजायचा, व्ह्यूबॉक्सच्या एककांत नव्हे. समजा २४ बाय २४ च्या चौकटीतली टाचणी आहे आणि तिचं टोक २२ वर संपतं, खाली दोन एककं मोकळी. ती ४८ पिक्सेलची केलीत तर अँकर २४, ४४. सवयीनं ४८ लिहिलंत की पाचव्या झूमला वीसेक किलोमीटर गेलात.

शेवटचं. टाचणी उडी मारते असं ॲनिमेशन सगळ्यांनाच हवं असतं. पण लीफलेट खूण जागेवर ठेवतं तेच मुळी ट्रान्सफॉर्म, म्हणजे सीएसएसची सरकवण्या-फुगवण्याची आज्ञा, वापरून. तुम्ही बाहेरच्या डिव्हलाच ट्रान्सफॉर्मचं ॲनिमेशन लावलंत, तर ते ठिकाण पुसलं जातं आणि सगळ्या टाचण्या नकाशाच्या डाव्या वरच्या कोपऱ्यात गोळा होतात. ॲनिमेशन आतल्या एसव्हीजीला लावा. मोठी करायची असेल तर ट्रान्सफॉर्म-ओरिजिन, म्हणजे फुगताना स्थिर राहणारा बिंदू, टोकावर ठेवा, म्हणजे डोकं फुगेल आणि टोक हलणार नाही.

हजारो खुणा असतील तर डिव्ह चालणार नाहीत, कॅनव्हास, म्हणजे सगळ्या खुणांसाठी एकच चित्रफलक, लागेल, त्याबद्दल… नाही, घंटा झाली. चहाच्या वेळी विचारा.