श्लोकभर वेळ

(दृश्य: पितळी घंगाळ, स्थिर पाणी. पाण्यावर तांब्याची वाटी.)

ही वाटी बुडायला २४ मिनिटं लागतील. कॅमेरा आम्ही हलवलेला नाही. वाटीच्या तळाला बारीक भोक आहे आणि त्यातून पाणी आत येतंय. हे घटिकापात्र. ते बुडालं की एक घटका झाली. दिवस-रात्र मिळून अशा ६० घटका. एखाद्याची 'घटका भरली' असं आपण म्हणतो, ते या वाटीवरून.

शब्द उच्चारून काळ थांबवणारी माणसं गोष्टींत भेटतात. मार्कंडेय पुराणात कौशिक ब्राह्मणाची पत्नी म्हणते, सूर्य उगवणार नाही. आणि तो उगवत नाही. लहानपणी मला ही गोष्ट अगदी खरी वाटायची. या लग्नाचं चित्रीकरण करताना ती पुन्हा आठवली.

(दृश्य: गुरुजींचा हात, मांडीवर ठेका.)

एका घटकेत ६० पळे. पण एक पळ म्हणजे किती? पाचव्या शतकाच्या अखेरीस आर्यभटाने 'आर्यभटीया'त त्याचं उत्तर दिलं आहे: ६० गुरू, म्हणजे लांब उच्चाराची, अक्षरं म्हणायला लागतो तेवढा वेळ, किंवा सहा श्वास. इथे वाटी नाही, सावली नाही. माणसाचं तोंड हेच घड्याळ. आजच्या हिशोबाने २४ सेकंद.

आता गुरुजी काय म्हणतायत ते ऐका.

'स्वस्ति श्रीगणनायकं गजमुखं मोरेश्वरं सिद्धिदम्...'

अष्टविनायकांचा हा श्लोक आपल्याला पाठ असतो. वृत्त शार्दूलविक्रीडित. ओळीत १९ अक्षरं: ११ गुरू, ८ लघू. गुरूच्या दोन मात्रा, लघूची एक, म्हणजे ओळीला ३० मात्रा आणि चार ओळींना १२०. आणि १२० मात्रा म्हणजे बरोबर ६० गुरू अक्षरांचा वेळ.

म्हणजे एक श्लोक, एक पळ.

हा हिशोब मी वहीत तीनदा करून पाहिला. तुम्हीही करा. चाल न लावता, अक्षर न ओढता, संथ लयीत मंगलाष्टकातला एक श्लोक म्हणा आणि घड्याळाकडे बघा. मांडवात चाल लागते, तान ओढली जाते आणि पळ लांबतं. ते लांबवणंच तर इथे कामाचं असतं.

(दृश्य: अंतरपाट, त्यावर कुंकवाचं स्वस्तिक. खाली दोघांची पावलं.)

मुहूर्ताला अजून थोडा अवकाश आहे. गुरुजींनी नुसती मान वळवली आणि मावशी पुढे झाल्या. हातात चार घड्या घातलेला कागद, कडा मऊ पडलेल्या. त्या म्हणतात ते जुनं मराठी मंगलाष्टक: 'आली लग्नघडी समीप नवरा घेऊनि यावा घरा.' त्याच श्लोकात पुढे अंतरपाट धरायला सांगितलं आहे आणि वाजंत्र्यांना गलबला करू नका म्हणून बजावलंही आहे. मावशींचं झालं, आत्या उभ्या राहिल्या. मग काका. वेळ उरली तर श्लोक वाढवायचा, वेळ आली तर आवरता घ्यायचा. मांडवातल्या बायकांना हे कुणी शिकवलेलं नसतं.

(दृश्य: अक्षता घेतलेली मूठ, अगदी जवळून.)

आता ही मूठ बघा. ती इथे आवळली जाते.

'तदेव लग्नं सुदिनं तदेव, ताराबलं चंद्रबलं तदेव...'

वृत्त बदललं. १९ अक्षरांची संथ चाल सुटली आणि ११ अक्षरांची ओळ आली. अर्थ न कळणाऱ्या पोरांनाही कळतं की आता अक्षता टाकायच्या. आणि अर्थ तर विलक्षण आहे. लक्ष्मीपतीच्या चरणांचं स्मरण घडलं तेच लग्न, तोच सुदिन, तेच ताराबळ, तेच चंद्रबळ. इथे 'लग्न' म्हणजे विवाह नव्हे, त्या क्षणी पूर्व क्षितिजावर उगवणारी रास. म्हणजे लग्न हे आधी वेळेचं नाव होतं, मराठीत ते विधीचं झालं. ज्योतिषाने काढून दिलेली वेळ साधो वा हुको, हा श्लोक आहे त्याच क्षणाला मुहूर्त करून टाकतो. पुराणातल्या त्या बाईने सूर्य अडवला, इथे एका श्लोकाने काळच हवा तसा करून घेतला.

आता बऱ्याच लग्नांत मंगलाष्टकं स्पीकरवर लावतात. ती ठरल्या वेळी संपतात, मावशींचा कागद पर्समध्येच राहतो.

(दृश्य: पुन्हा घंगाळ. मागून 'शुभमंगल सावधान'.)

वाटीची कड पाण्याला टेकली आहे. एक बुडबुडा. दुसरा. वाटी तळाशी गेली, तांब्याचा पितळेवर आवाज झाला. मांडवात तो कुणाला ऐकू गेला नाही. वाजंत्री सुरू झाली होती.