मारणारं क्रियापद

[काळ्या पडद्यावर पांढऱ्या अक्षरांत एकच शब्द : मॉर्टिफाय]

पोस्टमॉर्टेम म्हणजे काय, हे आपल्याकडे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. कर्ज काढून घर घेतलेल्याला मॉर्गेजही चांगलंच ठाऊक असतं. दोन्ही शब्दांत जो 'मॉर्ट' बसलाय (मॉर्गेजमध्ये त्यातला 'ट' लिहितात, उच्चारत नाहीत), तो लॅटिनमधला मृत्यू. याच घराण्यातलं एक क्रियापद इंग्रजी बोलणारे लोक आज अगदी किरकोळ कारणासाठी वापरतात. ऑनलाइन मीटिंगमध्ये माइक चुकून चालू राहिला, घरातलं भांडण सगळ्या ऑफिसनं ऐकलं, की म्हणायचं : आय वॉज मॉर्टिफाइड. मराठीत आपण म्हणू, अगदी मेल्याहून मेल्यासारखं झालं.

हा शब्द इंग्रजीत आला तेव्हा त्यात लाजेचा मागमूसही नव्हता. मरण मात्र होतं.

'मॉर्स' म्हणजे मृत्यू आणि 'फाकेरे' म्हणजे करणे. त्यातून घडलेलं 'मॉर्टिफिकारे' हे क्रियापद चर्चच्या लॅटिननं उचललं. लॅटिन बायबलमध्ये शमुवेलाची आई हन्ना देवाची स्तुती गाते, परमेश्वर मारतो आणि जगवतो. तिथलं 'मारतो' म्हणजे हेच क्रियापद, आणि तिथं ते सरळ जीव घेण्याच्या अर्थानं आहे. रोमकरांना लिहिलेल्या पत्रात मात्र ख्रिस्ताचा प्रेषित पौल त्याला वेगळं वळण देतो. आत्म्याच्या बळावर देहाची कर्मं मारून टाकाल, तर जगाल. म्हणजे माणूस जिवंत राहायचा, मरायच्या त्या वासना. फ्रेंचच्या वाटेनं 14व्या शतकाच्या उत्तरार्धात शब्द इंग्लंडात उतरला, तो हे दोन्ही अर्थ घेऊनच.

[भट्टी, मूस, धुमसते कोळसे]

तिथं त्याला नीट हाताशी धरलं ते किमयागारांनी. त्याच शतकातला इंग्रज कवी जेफ्री चॉसर याच्या 'कँटरबरी टेल्स'मध्ये एक लबाड धर्माधिकारी लंडनमधल्या एका पाद्र्याला म्हणतो, हा पारा मी तुमच्या डोळ्यांदेखत मॉर्टिफाय करतो, त्याची अस्सल चांदी करून दाखवतो. पाऱ्याचं इंग्रजी नाव 'क्विकसिल्व्हर', आणि जुन्या इंग्रजीत 'क्विक' म्हणजे जिवंत. ती जिवंत चांदी, हातात न ठरणारी, पळणारी. तिला ठार करायचं म्हणजे तिचं पळणं थांबवायचं. आपल्या रसशास्त्रातही धातूचं भस्म करण्याच्या क्रियेला 'मारण' हेच नाव आहे. त्यामुळे चॉसरचा हा प्रसंग आपल्याकडच्या जुन्या वैद्याला मुळीच परका वाटला नसता.

फसवणूक कशी होते, तेही बघण्यासारखं आहे. धर्माधिकाऱ्याकडे एक पोकळ कोळसा असतो. त्याच्या भोकात चांदीचा कीस भरलेला, तोंड मेणानं बुजवलेलं. मूस विस्तवावर चढते, कोळसे पाद्रीच रचतो. मग हा मोठ्या आपुलकीनं म्हणतो, किती घामाघूम झालात हो, हे घ्या फडकं, तोंड पुसा. पाद्री तोंड पुसतो तेवढ्यात तो कोळसा बरोबर मुशीवर बसतो. पारा उडून जातो, मेण वितळतं आणि कीस खाली उतरतो. मुशीत खरीखुरी चांदी! आणखी दोन हातचलाख्या होतात आणि पाद्री 40 पौंड मोजून ती 'विद्या' विकत घेतो. मेला कोण, तर पाद्रीबुवा.

[दगडी मठ. पहाटेची घंटा.]

मठांमध्ये मात्र कुणी हातचलाखी करत नव्हतं. तिथं मॉर्टिफिकेशन म्हणजे देहदंड. उपास, जागरण, आणि उघड्या अंगावर बकरीच्या केसांचा सदरा. त्याला 'सिलिस' म्हणत, कारण ते कापड मूळचं किलिकियाचं, म्हणजे आजच्या तुर्कस्तानच्या दक्षिण किनाऱ्याकडचं. नवी घोंगडी उघड्या पाठीवर घेऊन दिवसभर कामं करायची, तसं काहीसं. फरक एवढाच, की ही कधी उतरवायची नाही.

29 डिसेंबर 1170. कँटरबरीच्या कॅथिड्रलमध्ये आर्चबिशप थॉमस बेकेटची चार सरदारांनी हत्या केली. हा माणूस एकेकाळी राजाचा चॅन्सेलर, म्हणजे बडा मंत्री, थाटामाटात राहणारा. काही साधूंना त्याच्या साधेपणाबद्दल शंकाच होती. प्रेत आवरायला घेतलं, उंची वस्त्रं एकेक करून काढली, तर आत केसांचा सदरा. आणि त्यात उवा वळवळताहेत. साधूंचे डोळे पाण्यानं भरले. एवढा मोठा माणूस अंगावर उवा बाळगत होता आणि कुणाला कळूही दिलं नव्हतं, यातच त्यांना त्याचं संतपण दिसलं. पुढं इंग्लंडचाच माजी चॅन्सेलर थॉमस मोर यानंही शिरच्छेदाच्या आदल्या दिवशी, जुलै 1535 मध्ये, आपला असाच सदरा गुपचूप मुलीकडे, मार्गारेटकडे पोचवला.

मग या शब्दात लाज आली कुठून? माझ्या मते, मठाच्याच दारातून.

सहाव्या शतकात संत बेनेडिक्टनं मठांसाठी नियम लिहिले. त्यात स्तोत्र म्हणताना चुकणाऱ्यानं तिथल्या तिथं, सगळ्यांसमोर, स्वतःला नमवायचं. मोठा अपराध असेल, तर प्रार्थना संपायच्या वेळी देवघराच्या दारात पालथं पडायचं, तोंड जमिनीला टेकवून, एक शब्दही न बोलता. बाकीचे साधू बाहेर पडणार ते त्याच्या अंगाशेजारून. ही निव्वळ शिक्षा नव्हती, ते औषध समजलं जाई. उपाशी ठेवून भूक मारता येते, पण अहंकार असा मरत नाही. त्याला चारचौघांसमोर मान खाली घालायला लावावी लागते.

कॅथलिक चर्चमधून फुटून निघालेल्या प्रोटेस्टंटांनी केसांचे सदरे फेकून दिले, शब्द मात्र ठेवला. 1611च्या इंग्रजी बायबलात पौल आपल्या अनुयायांना 'मॉर्टिफाय' करायलाच सांगतो. 1656 मध्ये प्युरिटन, म्हणजे कडव्या प्रोटेस्टंट पंथाचा, धर्मोपदेशक जॉन ओवेननं या एकाच विषयावर पुस्तक लिहिलं. त्याचा सांगावा थोडक्यात असा : तुम्ही पापाला मारत राहा, नाहीतर ते तुम्हाला मारील. मारामारी आता मनाच्या आत गेली. त्याच 17व्या शतकात शब्दाचा लौकिक अर्थही रुळला. कुणीतरी आपला पाणउतारा करतं आणि आतलं काहीतरी मरतं, तो अर्थ.

एव्हाना शब्दाला इतर उद्योगही लागले होते. सडलेल्या, काळ्या पडलेल्या अवयवाला सर्जन मॉर्टिफिकेशन म्हणत. आज आपण गँगरीन म्हणतो तेच ते. मांस टांगून मऊ करण्यालाही हेच क्रियापद, फ्रेंच स्वयंपाकघरात ते अजून आहे. स्कॉटलंडात धर्मादाय कामासाठी जमीन लावून देणं म्हणजे मॉर्टिफिकेशन. चर्च कधी मरत नाही, त्याला वारस नसतात, म्हणजे वारस बदलताना मिळणारं देणंही नाही, म्हणून अशी जमीन सरंजामदाराच्या दृष्टीनं मेल्यातच जमा. बँकेच्या मॉर्गेजमधलं मरणही याच जातीचं, जमीनजुमल्याचं.

[नाचगाण्याची मैफल, मेणबत्त्यांची झुंबरं]

1813. जेन ऑस्टेनच्या 'प्राइड अँड प्रेज्युडिस'मध्ये भर नाचाच्या मैफलीत श्रीमंत डार्सी नायिका एलिझाबेथबद्दल म्हणतो, ठीक आहे दिसायला, पण मला मोह पडावा इतकी सुंदर नाही. एलिझाबेथ ते ऐकते. नंतर कधीतरी ती म्हणते, त्यानं माझा अभिमान मॉर्टिफाय केला नसता, तर त्याचा अभिमान मी सहज माफ केला असता. वाक्य हलकंफुलकं वाटतं खरं. पण ते वाचणाऱ्या घराघरांत हाच शब्द सडत चाललेल्या पायासाठीही कानावर पडत होता. एलिझाबेथनं सौम्य शब्द निवडलाय, असं मला वाटत नाही.

इथं मारणारा दुसराच कुणी आहे. बेकेट स्वतःच स्वतःला मारत होता आणि ते लपवत होता. दारात पालथं पडणाऱ्या साधूनं निदान ती वाट आपणहून पत्करली होती. एलिझाबेथला कुणी विचारलंही नव्हतं. आणि आजच्या 'आय वॉज मॉर्टिफाइड'मध्ये तर मारणाऱ्याचं नावच नसतं.

जुना अर्थ चर्चमध्ये टिकून आहे. वसईत, गोव्यात राखेच्या बुधवारपासून उपवासकाळ सुरू होतो, तो थेट ईस्टरपर्यंत. कुणी मांस सोडतं, कुणी दारू, हल्ली कुणी मोबाइलही. इंग्रजी प्रवचनात पाद्री या सोडण्याला आजही मॉर्टिफिकेशन म्हणतात. मराठीत घरची आजी एवढंच सांगते, चाळीस दिवस जरा मन मारायला शिक.