दोन भिंतींमधली साडी

नमस्कार श्रोतेहो. आज नलिनी मलानी यांच्याविषयी बोलणार आहे. त्या चित्रकार आहेत, फिल्मही करतात. जन्म १९४६ चा, कराचीचा. फाळणी झाली तेव्हा त्या अगदी तान्ह्या. कुटुंब आधी कोलकात्याला आलं, मग मुंबईला. म्हणजे ज्या घटनेनं घराची दिशाच बदलली, ती स्वतःला आठवण्याचं त्यांचं वयही नव्हतं. मोठ्यांच्या बोलण्यातून आणि गप्प बसण्यातून ती त्यांच्यापर्यंत आली असणार. न पाहिलेलं, तरी अंगात मुरलेलं असं काही डोळ्यांसमोर आणायचं कसं? मला त्यांचं सगळं काम या एका प्रश्नाभोवती फिरताना दिसतं.

१९६९ साली त्या मुंबईच्या जे. जे. कलाशाळेतून बाहेर पडल्या. त्याच वर्षी चित्रकार अकबर पदमसी यांनी मुंबईत एक कार्यशाळा सुरू केली होती. तिथे चित्रकारांच्या हाती कॅमेरा आला, मलानींच्याही.

१९९८ च्या मे महिन्यात आधी भारतानं आणि लगोलग पाकिस्ताननं अणुचाचण्या केल्या. त्या पार्श्वभूमीवर मलानींनी उर्दू कथाकार सआदत हसन मंटोंची ‘टोबा टेक सिंग’ ही फाळणीची कथा हाती घेतली. वेड्यांच्या इस्पितळातल्या माणसांचीही वाटणी ठरते, आणि त्यांतला बिशनसिंग दोन देशांच्या मधल्या, कुणाच्याच नसलेल्या जमिनीवर कोसळतो, ती गोष्ट. त्यावरच्या मांडणीत, म्हणजे दालनभर रचलेल्या कलाकृतीत, जमिनीवर पत्र्याच्या ट्रंका आहेत. घर सोडताना हाताला लागेल ते कोंबून नेतात ना, तशा. त्या उघड्या ट्रंकांमध्ये व्हिडिओ चालू असतात. आणि समोरासमोरच्या भिंतींवर दोन स्त्रिया, एक भारतातली, एक पाकिस्तानातली. दोघी मिळून एका साडीची घडी घालू पाहतात. धुतलेल्या साडीची दोन टोकं धरून मायलेकींनी घडी घालायची, हे आपल्या घरोघरचं काम. इथे मात्र दोघींच्या मध्ये अख्खं दालन आहे, आणि त्या दालनात आपण उभे असतो.

त्याआधी १९९२ साली मुंबईच्या गॅलरी केमोल्डमध्ये त्यांनी थेट भिंतींवर चित्रं काढली होती. राजस्थानातल्या नाथद्वाऱ्याची जुनी भित्तिचित्रं दुर्लक्षामुळे नष्ट होत होती, त्याची खंत त्यामागे होती. प्रदर्शन संपल्यावर ती चित्रं पुसली गेली. विकायला, जपायला काही उरलं नाही. हे धाडस मला फार मोठं वाटतं.

त्यांचं आणखी एक तंत्र सांगायलाच हवं. पारदर्शक प्लास्टिकच्या शीटवर मागच्या बाजूनं त्या रंगवतात. त्यात सगळा क्रम उलटा. डोळ्यातली चमक आधी, बुबुळ नंतर, चेहऱ्याचा रंग त्याच्याही नंतर. पहिला फटकारा चुकला तर वरून झाकता येत नाही, कारण तोच प्रेक्षकाच्या सर्वांत जवळ असतो. पुढं असे रंगवलेले मोठे नळकांडे त्यांनी छताला टांगून फिरते ठेवले, त्यांतून प्रकाश सोडला, आणि सावल्या चारी भिंतींवरून धावू लागल्या. २०१२ साली जर्मनीत कासेलच्या ‘डॉक्युमेंटा’ या मोठ्या कलाप्रदर्शनात जगानं हे पाहिलं. जपानचा २०२३ चा क्योटो पुरस्कारही त्यांना मिळाला. अलीकडे त्या आयपॅडवर बोटानं रेखाटून छोटे ॲनिमेशनपट करतात. त्यांचं काम जवळपास कुठे लागलं, तर हातात वेळ ठेवून जा. सावल्यांची एक फेरी पूर्ण होईपर्यंत थांबा, आणि मग दुसरी फेरीही पाहा.