कॅमेऱ्याची घरघर थांबली तेव्हा

(रेल्वेचा डबा)
ही सेलोवादक जॅकलिन दु प्रे. विशीतली. सेलो, म्हणजे बसून वाजवायचं व्हायोलिनचं मोठं भावंड, गिटारसारखा छेडतेय, गातेय, मध्येच हसतेय. समोर कॅमेरा आहे, पण त्याचं दडपण म्हणून नाही.

(रीळ चढवणारे हात)
चित्रण ख्रिस्तोफर न्युपेन यांचं, संगीतकारांवर चित्रपट करणाऱ्यांचं. जन्म दक्षिण आफ्रिकेतला. लंडनला आधी बँकेत, मग बीबीसीत ध्वनीच्या कामावर. कान आधी तयार झाला, कॅमेरा नंतर आला. हा क्रम महत्त्वाचा.

न्युपेन यांच्याआधी सिनेमाचा कॅमेरा घरघरायचा. आवाज दाबायला त्यावर जड आवरण चढवायचं, की तो जागचा हलेना. मग कलाकारालाच आखलेल्या जागी बसवून, दिव्यांच्या झोतात वाजवायला लावायचं. साठच्या दशकात 16 मिलिमीटरचा हलका, गुपचूप चालणारा कॅमेरा हाती आला. आवाज वेगळ्या टेपवर, दोन्ही यंत्रांचा वेग तंतोतंत सारखा. 400 फुटांचं रीळ मात्र 11 मिनिटांत संपतं, आणि शूबर्टचं ‘ट्राउट’ क्विंटेट, म्हणजे पाच वाद्यांची रचना, चालतं चाळीसेक मिनिटं! कुठल्या कॅमेऱ्याचं रीळ कधी बदलायचं, हे ठरवायला स्वरलिपी वाचता यायला हवी. संगीत न कळणाऱ्याचं हे कामच नव्हे.

(मंचामागची खोली)
30 ऑगस्ट 1969. क्वीन एलिझाबेथ हॉल, लंडन. आज इथे हेच ‘ट्राउट’. पियानोला डॅनिएल बॅरनबॉइम, व्हायोलिनला इत्झाक पर्लमन, व्हियोलाला पिंकस झुकरमन, सेलोला दु प्रे. आणि डबल बासवर, एरवी हाती बॅटन घेऊन वाद्यवृंदासमोर उभे राहणारे, मुंबईत जन्मलेले झुबिन मेहता. कार्यक्रम तोंडावर आलाय आणि ही मंडळी एकमेकांची वाद्यं पळवून धिंगाणा घालतायत. परक्या माणसासमोर असं कोणी वागत नाही. न्युपेन त्यांच्यातलेच, म्हणून हे आपल्याला दिसतं.

(मंच. वादन चालू. निवेदन थोडं थांबून)
1973 मध्ये दु प्रेला मल्टिपल स्क्लेरोसिस या मज्जासंस्थेच्या आजाराचं निदान झालं, वादन सुटलं. 1987 मध्ये ती गेली.

(स्टॉकहोम, 1986)
न्युपेन 2023 पर्यंत जगले, चित्रपट करत राहिले. त्यातला हा एक. व्हायोलिनवादक नेथन मिल्स्टाइन, वय 82, शेवटची जाहीर मैफल. डाव्या हाताची तर्जनी दुखतेय, म्हणून जन्मभर वाजवलेल्या रचनांत कुठला स्वर कुठल्या बोटानं, हे त्यांनी ऐनवेळी बदललंय. आता बाखची ‘शाकोन’, एकट्या व्हायोलिनसाठीची रचना. तर्जनीला ते कुठे कुठे वाचवतात, पाहा.