प्रतिज्ञापत्रावर लिहून द्या

(दृश्य: केसपेपरची खिडकी, सकाळ)

खिडकी उघडायला अजून वेळ आहे. रांग केव्हाच लागलीय. पेठ, सुरगाणा, त्र्यंबककडची ही माणसं पहाटेची एसटी धरून नाशिकच्या सरकारी दवाखान्यात पोचली आहेत. या आजींच्या पिशवीत जुने केसपेपर आहेत, घड्यांवर विरलेले, दुधाच्या पिशवीत गुंडाळून जपलेले.

(दृश्य: चिठ्ठी, अगदी जवळून)

ही त्यांची कालची चिठ्ठी. दोन इंजेक्शनं, एक सलाइनचा सेट. खाली लिहिलंय, 'बाहेरून आणणे'.

याचा जाब विचारायचा कुणाला? खिडकीतल्या माणसाला? तो आधीच दोघांचं काम एकटा ओढतोय.

(दृश्य: वर्तमानपत्रांची कात्रणं)

ऑक्टोबर २०२३. नांदेडच्या शासकीय रुग्णालयात ४८ तासांत ३१ रुग्ण गेले, त्यात नवजात बाळंही होती. पाठोपाठ छत्रपती संभाजीनगरच्या घाटी या सरकारी रुग्णालयातूनही तशाच बातम्या आल्या. एका वकिलांनी उच्च न्यायालयाला पत्र लिहिलं. मुंबई उच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली आणि प्रश्न सुरू झाले. मंजूर पदं किती, रिकामी किती? औषधांना पैसा किती, खर्च किती? औषधखरेदीसाठी कायदा करून प्राधिकरण उभं केलंत, मग त्याला पूर्णवेळ मुख्य कार्यकारी अधिकारी का नाही? 'बघतो, करतो' हे उत्तर तिथे चालत नाही. सहीनिशी प्रतिज्ञापत्र द्यावं लागतं. रुग्णांचा भार फार होता म्हणून सरकारची जबाबदारी टळत नाही, हेही न्यायालयाने सुनावलं.

न्यायालयाला हा अधिकार आला कुठून? १९९२ साली पश्चिम बंगालमधला एक शेतमजूर रेल्वेतून पडला. डोक्याला जबर मार. एकामागून एक सरकारी रुग्णालयांनी त्याला परत पाठवलं. कुठे खाट नव्हती, कुठे सोय नव्हती. १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला: वेळेवर उपचार न देणं हा घटनेच्या कलम २१ चा, जगण्याच्या हक्काचा भंग आहे. तिजोरीत पैसा नाही, ही सबब चालणार नाही. आजचा प्रत्येक सरकारी वॉर्ड या निकालाखाली येतो, आपल्या नाशिकचासुद्धा.

(दृश्य: डॉ. झाकीर हुसेन रुग्णालय, ऑक्सिजनची टाकी, मोबाइलवरचं जुनं चित्रण)

ही टाकी नाशिककर विसरलेले नाहीत. २१ एप्रिल २०२१, करोनाची दुसरी लाट. महापालिकेच्या या रुग्णालयात टाकी भरली जात असताना गळती लागली. हा धूर नाही. उणे १८३ अंशांचा द्रवरूप ऑक्सिजन हवेत उडतोय, त्याचं हे पांढरं धुकं. आत नळ्यांमधला दाब उतरत गेला.

(पाच सेकंद निवेदन नाही.)

२४ रुग्ण दगावले. दुसऱ्या दिवशी उच्च न्यायालयाने राज्य सरकारकडे खुलासा मागितला. चौकशी समिती नेमली गेली, नातेवाइकांना मदत जाहीर झाली.

(दृश्य: दवाखान्यासमोरचं झेरॉक्सचं दुकान)

न्यायालयाला लिहिलेल्या प्रत्येक पत्राची याचिका होत नाही. पण तारीख, वॉर्ड, औषधाचं नाव आणि अशी चिठ्ठी जोडलेली असेल, तर उत्तर देणाऱ्याला पळवाट उरत नाही. म्हणून चिठ्ठी मेडिकलवाल्याकडे देण्याआधी तिची एक प्रत काढून ठेवा.

आजींचा नातू आज तेच करतोय. दोन प्रती. एक घरी ठेवायला, एक पाकिटात.